फोन घेतला, पण ॲप्स कुणाची? न निघणाऱ्या ॲप्समागची पार्श्वभूमी

नव्या अँड्रॉइड फोनच्या सेटिंग्जमध्ये 'ॲप्स'ची यादी उघडा आणि एकेका नावावर टिचकी मारत जा. काही ॲप्सच्या पानावर 'अनइन्स्टॉल करा' हे बटण असतं. काहींच्या पानावर त्याच जागी 'बंद करा' असतं. काहींच्या बाबतीत ते बटणही फिकट पडलेलं असतं. कितीही दाबा, काही होत नाही. बहुतेकांचा समज असा होतो की ही शेवटच्या प्रकारातली ॲप्स काढली तर फोनच चालणार नाही. काहींच्या बाबतीत ते खरंही आहे. पण खरेदीचं, गेम्सचं किंवा बातम्यांचं ॲप त्या यादीत दिसलं, तर त्यामागे तांत्रिक अडचण नसते, कुणीतरी कुणाशी तरी केलेला करार असतो. माझं सगळं म्हणणं या एका मुद्द्याभोवती आहे. कोणतं ॲप काढता येईल, हे बऱ्याचदा आपण फोन हातात घेण्याच्या कितीतरी आधी करारात ठरलेलं असतं. आणि जिथे जिथे ही पकड सैल झाली, तिथे बहुतेक वेळा एखाद्या नियामकाने किंवा ग्राहकांच्या संतापाने ती सैल करायला लावली.

ही पद्धत फोनपासून सुरू झालेली नाही. विंडोजचे संगणक बनवणाऱ्या कंपन्यांचा नफा जसजसा आटत गेला, तसतशी त्यांनी डेस्कटॉपवरची जागाच विकायला काढली. ठरावीक दिवसांनी पैसे मागणारा अँटिव्हायरस, चाचणीपुरतं सॉफ्टवेअर, ब्राउझरला चिकटलेला टूलबार, असं बरंच काही नव्या संगणकात आयतं यायला लागलं. 2008 साली सोनीने काही व्हायो लॅपटॉपवर 'फ्रेश स्टार्ट' नावाचा पर्याय ठेवला: ही भर नको असेल तर साधारण 50 डॉलर जास्त मोजा. ग्राहक इतके खवळले की ती रक्कम लगेच रद्द करावी लागली. 2015 मध्ये लेनोवोच्या काही लॅपटॉपमध्ये 'सुपरफिश' सापडलं. जाहिराती घुसवण्यासाठी ते सुरक्षित समजल्या जाणाऱ्या वेबसाइटशी होणाऱ्या संवादातही मध्ये उभं राहत होतं. म्हणजे तोवर प्रश्न नुसत्या अडगळीचा राहिला नव्हता. तरीही संगणकाच्या मालकाकडे शेवटचा उपाय होताच. सगळं पुसून कोरी विंडोज टाकली की मोकळं. फोनमध्ये नेमका हाच उपाय सामान्य माणसाच्या हातून गेला.

कसा, ते समजून घ्यायला फोनच्या आत थोडं डोकवावं लागेल. अँड्रॉइडचा पहिला फोन, एचटीसी ड्रीम, 2008 मध्ये आला. अँड्रॉइडमध्ये साठवणीचे वेगवेगळे विभाग असतात. आपण टाकलेली ॲप्स, फोटो, संदेश हे सगळं 'डेटा' विभागात राहतं. कारखान्यातून आलेली मूळ प्रणाली 'सिस्टीम' विभागात असते आणि तो विभाग फक्त वाचण्यापुरता खुला असतो, त्यात बदल करता येत नाही. ही रचना चांगल्या हेतूने केलेली आहे. एखाद्या घातक ॲपला प्रणालीत ढवळाढवळ करता येऊ नये, आणि फोन बिघडलाच तर फॅक्टरी रीसेट करून तो मूळ स्थितीत आणता यावा, यासाठी ती आहे. माझा आक्षेप या रचनेवर नाही. त्या कुलूपबंद विभागात काय काय ठेवायचं हे फोन बनवणारी कंपनी ठरवते, आणि तिथे एखादा गेम ठेवला तर त्यालाही फोन लावण्याच्या मूळ ॲपइतकंच संरक्षण मिळतं, आक्षेप यावर आहे. रीसेट केल्यावर आपले फोटो जातात, तो गेम मात्र परत येऊन बसतो.

सुरुवातीच्या काळात यावर एकच इलाज होता, फोन 'रूट' करणं. म्हणजे प्रणालीवरचा सर्वोच्च अधिकार मिळवायचा आणि सिस्टीम विभागातल्या फाइल्स थेट उडवायच्या. त्यात वॉरंटी जायची, आणि एखादी फाइल चुकून गेली तर फोन सुरूच व्हायचा नाही. त्या वेळी अमेरिकेत मोबाइल सेवा कंपन्यांचा जोर होता. फोन त्यांच्याच दुकानातून आणि त्यांच्याच योजनेत विकला जाई, त्यामुळे त्यात काय भरायचं हेही त्याच सांगत. 2010 मध्ये व्हेरायझनने विकलेल्या सॅमसंग फॅसिनेट फोनमध्ये गूगलच्याच अँड्रॉइडवर शोधासाठी मायक्रोसॉफ्टचं बिंग बसवलेलं होतं, आणि ते बदलायची सोय दिलेली नव्हती.

ऑक्टोबर 2011 मध्ये जाहीर झालेल्या अँड्रॉइड 4.0 आवृत्तीत 'बंद करा' हे बटण आलं. आजही आपण मुख्यतः त्याच्याच भरवशावर आहोत, म्हणून ते नेमकं काय करतं हे नीट पाहायला हवं. बंद केलेलं ॲप फोनच्या पडद्यावरून आणि ॲप्सच्या मेनूतून दिसेनासं होतं, पार्श्वभूमीवर चालत नाही, सूचना पाठवत नाही, बॅटरी आणि डेटा खात नाही. त्याचे नंतर आलेले अपडेट्स डेटा विभागात साठलेले असतात, ते काढले तर तेवढी जागाही मोकळी होते. मूळ फाइल मात्र सिस्टीम विभागात तशीच राहते. फोनचा वेग आणि खासगीपणा या दृष्टीने हे बटण खरोखर उपयोगी आहे. मात्र कुठल्या ॲपपुढे ते चालेल आणि कुठल्या ॲपपुढे फिकट राहील, हेही फोन कंपनीच ठरवू शकते. जानेवारी 2019 मध्ये काही सॅमसंग फोनमधून फेसबुक काढता येत नाही याची जगभर चर्चा झाली. बंद केलेलं ॲप काढून टाकल्यासारखंच वागतं, असा खुलासा फेसबुकने केला. त्याच सुमारास अनेकांच्या पहिल्यांदा लक्षात आलं की फेसबुकचं चिन्ह गेलं तरी 'फेसबुक ॲप मॅनेजर', 'फेसबुक सर्व्हिसेस' अशी बिनचिन्हाची ॲप्स सेटिंग्जमधल्या यादीत शिल्लकच असतात.

आता पैशाकडे वळू. या व्यवहारात दोन वेगवेगळे करार आहेत आणि ते एकमेकांत मिसळू नयेत. पहिला गूगलचा. अँड्रॉइड मुळात मोफत आणि खुलं आहे, पण प्ले स्टोअर तसं नाही. प्ले स्टोअर हवं असेल तर त्याच्याबरोबर सर्च, क्रोम, यूट्यूब, मॅप्स, जीमेल असा पूर्ण संच घ्यावा लागेल, अशी अट फोन कंपन्यांशी होणाऱ्या करारात होती. आयत्या मिळणाऱ्या ॲपची ताकद किती, याचं उत्तर युरोपीय आयोगाने 2018 च्या निर्णयात आकड्यांनी दिलं. 2016 मध्ये गूगल सर्च आणि क्रोम आधीपासून असलेल्या अँड्रॉइड फोनवर 95 टक्क्यांहून जास्त शोध गूगलवरून होत होते. विंडोज मोबाइलवर गूगल आधीपासून नव्हतं, तिथे हे प्रमाण 25 टक्क्यांहूनही कमी होतं. दोन्हीकडे गूगल वापरायला कुणालाच बंदी नव्हती. आधीपासून काय बसवलेलं आहे एवढाच मुख्य फरक होता. आयोगाने 4.34 अब्ज युरोचा दंड ठोठावला. 2022 मध्ये युरोपच्या न्यायालयाने तो 4.125 अब्जांवर आणला.

दुसरा करार फोन कंपनी आणि ॲप कंपन्या यांच्यातला, आणि आपल्याकडच्या ग्राहकाला जास्त छळतो तो हाच. स्वस्त फोनमध्ये फोनच्या विक्रीतून फार काही सुटत नाही. एप्रिल 2018 मध्ये शाओमीने तर हार्डवेअरवरचा निव्वळ नफा कधीच 5 टक्क्यांवर जाऊ देणार नाही असं उघडपणे जाहीर केलं आणि कमाईचा आधार इंटरनेट सेवांवर ठेवला. इंटरनेट सेवांमध्ये जाहिराती येतात, ॲप दुकानं येतात आणि आधीपासून भरलेली ॲप्सही येतात. सवलतीच्या किमतीचा मोबदला अशा तऱ्हेने फोन वापरून चुकवला जातो, हे गणित बऱ्याच ब्रँड्सचं आहे. माझ्या ओळखीच्या एका मावशींच्या 32 जीबीच्या फोनवर 'स्टोरेज संपत आलं आहे' ही सूचना कायमची ठाण मांडून होती. त्या बिचाऱ्या नातवाचे व्हिडिओ एकेक करून पुसत होत्या. त्याच फोनमध्ये दुसरं ॲप दुकान होतं, दुसरा ब्राउझर होता, थीम्सचं वेगळं ॲप होतं आणि 'सुचवलेली ॲप्स' नावाचा एक फोल्डर होता, तो उघडला की आणखी ॲप्स डाउनलोड करायला सांगायचा. महागड्या फोनमध्ये ही भर नुसती नजरेला खुपते. कमी साठवणीच्या फोनमध्ये ती माणसाच्या आठवणींची जागा खाते, आणि असे फोन कोण वापरतं हे वेगळं सांगायला नको.

सुरक्षेची बाजू याहून गंभीर आहे. कारखान्यात बसवलेल्या ॲपला अशा काही परवानग्या मिळू शकतात की ज्या प्ले स्टोअरवरून घेतलेल्या ॲपला कधीच मिळणार नाहीत, आणि त्या आपल्याला विचारल्याही जात नाहीत. नोव्हेंबर 2016 मध्ये अमेरिकेत ब्लू कंपनीच्या काही स्वस्त फोनमध्ये ॲडअप्स या चिनी कंपनीचं अपडेट सॉफ्टवेअर सापडलं. ते वापरकर्त्यांचे एसएमएस परस्पर चीनमधल्या सर्व्हरवर पाठवत होतं. 2019 मध्ये माद्रिदमधल्या संशोधकांनी इतरांबरोबर मिळून 214 उत्पादकांच्या फोनमधली 82 हजारांवर आयती ॲप्स तपासली आणि या सगळ्या साखळीवर कुणाचंच धड लक्ष नाही, असं चित्र समोर आणलं. जानेवारी 2020 मध्ये प्रायव्हसी इंटरनॅशनल आणि पन्नासहून जास्त संस्थांनी गूगलचे प्रमुख सुंदर पिचाई यांना जाहीर पत्र लिहिलं. त्यात पहिली मागणी हीच होती की ही ॲप्स, त्यांच्या मागच्या सेवांसकट, कायमची काढता आली पाहिजेत.

सरकारांनी काय केलं? दक्षिण कोरियाने 2014 मध्ये मार्गदर्शक तत्त्वं आणून अनावश्यक ॲप्स काढता येतील अशी व्यवस्था करायला लावली. चीनमध्ये शांघायच्या ग्राहक हक्क संरक्षण आयोगाने 2015 मध्ये ओप्पो आणि सॅमसंगला कोर्टात खेचलं. ओप्पोच्या एका फोनमध्ये 71 आणि सॅमसंगच्या एका फोनमध्ये 44 आयती ॲप्स होती. त्यानंतर 1 जुलै 2017 पासून चीनमध्ये मूलभूत कामाची नसलेली ॲप्स काढता येणं बंधनकारक झालं. रशियाने उलटी वाट धरली: 1 एप्रिल 2021 पासून तिथे विकल्या जाणाऱ्या फोनमध्ये रशियन ॲप्स आधीपासून देणंच सक्तीचं केलं. ॲपलने 2016 मध्ये आयओएस 10 पासून स्वतःची काही ॲप्स काढायची मुभा दिली. पण सफारी, कॅमेरा, फोटोज आणि खुद्द ॲप स्टोअर काढायची सोय आली ती 2024 मध्ये युरोपचा डिजिटल मार्केट्स कायदा लागू झाल्यानंतर, आणि तीही युरोपातल्या ग्राहकांसाठीच.

आपल्याकडे सुरुवात उशिरा झाली असं म्हणता येणार नाही. 16 जुलै 2018 रोजी ट्राय या दूरसंचार नियामकाने खासगीपणाविषयीच्या शिफारशींमध्ये स्पष्ट लिहिलं होतं की मूलभूत कामाशी संबंध नसलेली ॲप्स काढून टाकता येतील अशी सोय फोनमध्ये बंधनकारक असावी. ती शिफारस आजवर नियम झालेली नाही, याचं मला राहून राहून वाईट वाटतं. दरम्यान, तीन तरुण तक्रारदारांच्या अर्जावरून भारतीय स्पर्धा आयोगाने एप्रिल 2019 मध्ये गूगलची चौकशी सुरू केली आणि 20 ऑक्टोबर 2022 रोजी 1,337.76 कोटी रुपयांचा दंड केला. त्या आदेशातलं एक कलम आपल्या विषयाचं होतं: गूगलने स्वतःची आयती ॲप्स काढण्यापासून वापरकर्त्याला अडवू नये. जानेवारी 2023 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने स्थगिती नाकारली, तेव्हा गूगलने काही बदल जाहीर केले. फोन कंपन्यांना आता संचातली ॲप्स सुटी घेता येतील, हा त्यातला एक. पण 29 मार्च 2023 रोजी राष्ट्रीय कंपनी कायदा अपील न्यायाधिकरणाने दंड कायम ठेवला आणि चार निर्देश रद्द केले. ॲप काढू देण्याचा निर्देश त्या चारांत गेला.

आणि मग 2025 च्या नोव्हेंबरअखेरीस दूरसंचार विभागाचा आदेश आला: देशात विकल्या जाणाऱ्या प्रत्येक नव्या फोनमध्ये 90 दिवसांच्या आत 'संचार साथी' ॲप आधीपासून असावं, आणि त्याची कार्यं बंद किंवा मर्यादित करता येऊ नयेत. हरवलेला फोन ब्लॉक करणं, आपल्या नावावर किती सिम आहेत ते पाहणं अशी चांगली कामं हे ॲप करतं, आणि मी लोकांना ते सुचवतोही. पण उपयोगी ॲप लोक स्वतःहून घेतात. ते काढता येऊ नये असा हुकूम निघाला की त्याच्या हेतूबद्दलच शंका सुरू होते. तसंच झालं. गदारोळ उठला, हवं तर ॲप काढून टाका असं मंत्री ज्योतिरादित्य शिंदे यांनी सांगितलं, आणि 3 डिसेंबरला सक्ती मागे घेतली गेली. आयत्या ॲपच्या प्रश्नावर आपल्याकडे इतक्या लोकांनी एकदम आवाज उठवल्याचं मी त्याआधी पाहिलं नव्हतं.

कायदा नाही तोवर हाती काय आहे? आधी 'अनइन्स्टॉल', ते नसेल तर आधी अपडेट्स काढून मग 'बंद करा'. नवा फोन सुरू करताना 'ही ॲप्स घ्या' असं सुचवणारं पान येतं, तिथल्या सगळ्या खुणा काढून पुढे जा. हल्ली बरीच भर सिस्टीम विभागात न येता या वाटेने, इंटरनेट मिळाल्यावर उतरते. बटण फिकट असेल तर संगणकाला फोन जोडून, फोनमधलं यूएसबी डिबगिंग (संगणकाकडून आज्ञा घेण्याची सोय) सुरू करून एडीबी या, संगणकावरून फोनला आज्ञा देणाऱ्या साधनाने ते ॲप 'युजर 0' या फोनच्या मुख्य खात्यापुरतं काढता येतं. अँड्रॉइडमध्ये एकापेक्षा जास्त वापरकर्त्यांची सोय आली तिचा हा फायदा आहे. रूट करावं लागत नाही आणि मूळ फाइल जागेवर राहत असल्याने चूक निस्तरता येते. मात्र ज्या पॅकेजचं (प्रणालीत ॲप ज्या नावाने नोंदलेलं असतं त्याचं) काम कळत नाही त्याला हात लावू नका. इतर ॲप्स ज्यांच्यावर चालतात ती प्ले सर्व्हिसेस किंवा वेबव्ह्यू गेली तर बँकेच्या ॲपपासून अनेक गोष्टी अडतात. मोठं सिस्टीम अपडेट किंवा रीसेट झाल्यावर काढलेली ॲप्स परत येऊ शकतात, म्हणून काढलेल्या पॅकेजची नावं एका फाइलमध्ये लिहून ठेवा आणि ती फाइल फोनऐवजी दुसरीकडे ठेवा.