पदोन्नतीत डावलले? मॅटमध्ये अर्ज करताना आणि सकारण निकाल मिळवताना

पदोन्नती हा मूलभूत हक्क नाही, पण पात्र असताना पदोन्नतीसाठी विचार होणे हा राज्यघटनेच्या अनुच्छेद 16 खालचा हक्क आहे. राज्य शासनाच्या कर्मचाऱ्याने त्यासाठी महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाकडे, म्हणजे मॅटकडे जायचे. केंद्रीय कर्मचाऱ्यांसाठी केंद्रीय प्रशासकीय न्यायाधिकरण, म्हणजे कॅट आहे.

आधी विभागाकडे लेखी निवेदन द्या आणि आवक क्रमांकाची पोच घ्या. उत्तर आले तर त्या दिवसापासून एका वर्षात मॅटमध्ये मूळ अर्ज, म्हणजे दाव्याचा मुख्य अर्ज, दाखल करावा लागतो. सहा महिने उत्तरच आले नाही, तर ते सहा महिने संपल्यापासून एक वर्ष मिळते. स्मरणपत्रे पाठवत राहिल्याने ही मुदत वाढत नाही, आणि इथेच अनेकांचे नुकसान होते. उशीर झालाच तर विलंबमाफीचा स्वतंत्र अर्ज जोडा.

अर्जासोबत सेवाज्येष्ठता यादी, पदोन्नतीचा आदेश, निवेदन, त्याची पोच आणि उत्तर, तसेच गोपनीय अहवाल लावा. पदोन्नती समितीच्या बैठकीचे इतिवृत्त माहिती अधिकारात मागा. ज्या कनिष्ठांची पदोन्नती रद्द करून हवी आहे, त्यांना प्रतिवादी करायला विसरू नका.

मुद्दे मात्र क्रमांक देऊन, नेमके मांडा. गोपनीय अहवालातला प्रतिकूल शेरा कळवला होता का? सर्वोच्च न्यायालयाने 2008 मध्ये देव दत्त प्रकरणात प्रत्येक शेरा कळवणे बंधनकारक ठरवले आहे. शिस्तभंगाची कारवाई प्रलंबित असल्याचे सांगून समितीची तुमच्याबद्दलची शिफारस मोहोरबंद पाकिटात ठेवली, तेव्हा दोषारोपपत्र बजावले होते का? नुसती प्राथमिक चौकशी पुरत नाही, असे 1991 च्या जानकीरामन निकालात म्हटले आहे.

असे मुद्दे समोर असताना ‘अर्जात तथ्य नाही, सबब फेटाळण्यात येतो’ एवढ्या ओळीवर निकाल संपवता येत नाही. कोणता नियम लावला, कोणता कागद मानला, कोणता का नाकारला, हे निकालात दिसलेच पाहिजे. ज्याची ज्येष्ठता गेली त्याचे वेतन आणि निवृत्तिवेतन दोन्ही घटू शकते. त्याला कारण कळण्याचा अधिकार आहे. शिवाय कारणेच नसतील तर वरिष्ठ न्यायालयाने तपासायचे काय?

कारणे न देणारा निकाल हाती आला तर त्याची प्रमाणित प्रत घ्या. 1997 च्या एल. चंद्रकुमार निकालानुसार उच्च न्यायालयाच्या दोन न्यायाधीशांच्या खंडपीठापुढे रिट याचिका करता येते. तिथे मॅटपुढे मांडलेला आणि अनुत्तरित राहिलेला मुद्दा क्रमांकासह दाखवा. कारणांअभावी निकाल रद्द होऊन प्रकरण फेरसुनावणीसाठी परत पाठवले जाऊ शकते.