ताटातलं तेल, काट्यावरचं वजन

घरात माणसं चार आणि महिन्याला तेल तीन लिटर. हा हिशेब आमच्याच घरचा. लिटरभर तेल भरतं साधारण 910 ग्रॅम, म्हणजे माणशी रोज 23 ग्रॅमच्या आसपास. यात दूध, दाण्याचं कूट, ओलं खोबरं, वरणावरचं तूप धरलेलंच नाही.

हे मोजायची हुक्की आली ती 33 या आकड्यामुळे. अमेरिकेत 27 केंद्रांवर ‘डायबेटिस प्रिव्हेन्शन प्रोग्रॅम’ नावाची मोठी चाचणी झाली. भाग घेतलेले 3,234 जण मधुमेहाच्या उंबरठ्यावरचे. त्यातल्या आहार-व्यायाम बदलायच्या ‘जीवनशैली’ गटात सर्वांत कमी वजनाच्या मंडळींना दिवसभरात मिळून 33 ग्रॅम स्निग्ध पदार्थांची मुभा होती. आमचे 23 तर नुसत्या फोडणीतच गेले!

कॅलरी सोडून आधी स्निग्धच का मोजायचे? ग्रॅमभर तेल-तुपात 9 कॅलरी असतात, पिष्टात किंवा प्रथिनात 4. शिवाय एकच आकडा लक्षात ठेवायचा. कॅलरींचा हिशेब काही आठवड्यांनी सुरू व्हायचा.

पण खरी मेहनत ताटाबाहेर होती. पहिल्या 24 आठवड्यांत प्रशिक्षकासोबत 16 बैठका. काय खाल्लं ते वहीत लिहायचं, वजन करायचं, आठवड्याला किमान 150 मिनिटं चालण्यासारखा व्यायाम करायचा. उद्दिष्ट होतं वजन 7 टक्क्यांनी उतरवण्याचं. 24 आठवड्यांनी ते निम्म्या लोकांनाच गाठता आलं. तरीही 2002 साली निकाल आला तेव्हा या गटात मधुमेहाचं प्रमाण, औषध नसलेली नुसती दिखाऊ गोळी घेणाऱ्यांपेक्षा, 58 टक्क्यांनी कमी होतं. मेटफॉर्मिन या मधुमेहावरच्या गोळीने ते 31 टक्के घटलं होतं.

मग श्रेय तेल कमी केल्याचं की वहीचं? मला विचाराल तर वहीचं. 2018 साली स्टॅनफर्डच्या ख्रिस्तोफर गार्डनर यांनी 609 जणांचे दोन गट केले. एकाने स्निग्ध कमी केले, दुसऱ्याने पिष्ट. वर्षभरात वर्ग 22, आणि भाज्या भरपूर, साखर-मैदा कमी हा सल्ला दोघांनाही. वर्षाअखेर पहिल्या गटाचं वजन सरासरी 5.3 किलोंनी उतरलं, दुसऱ्याचं 6 किलोंनी. हा फरक संख्याशास्त्राच्या दृष्टीने नगण्य. उलट एकाच गटातल्या माणसामाणसांत जमीन-अस्मानाचं अंतर: कुणी 30 किलोंच्या घरात घटवले, कुणी 10 किलो वाढवून बसलं.

आपल्याकडचा निकाल आणखी चक्रावणारा. चेन्नईत डॉ. ए. रामचंद्रन यांच्या गटाने 531 जणांवर अशीच चाचणी केली. 2006 सालच्या अहवालानुसार आहार-व्यायामाच्या गटात मधुमेहाचा धोका 28.5 टक्क्यांनी घटला, पण वजनाचा काटा जवळपास ढिम्म!

काटा मुळात सगळं सांगतच नाही. पुण्याच्या केईएम रुग्णालयातले डॉ. चित्तरंजन याज्ञिक आणि लंडनचे डॉ. जॉन युडकिन या दोघांनी 2004 साली ‘लॅन्सेट’मध्ये स्वतःचीच मापं छापली. उंचीच्या मानाने वजन सांगणारा बीएमआय दोघांचाही 22.3. छायाचित्रात दोघेही सडपातळच. शरीरातली चरबी मात्र युडकिन यांची 9.1 टक्के, याज्ञिकांची 21.2.