मिक्सिंग वेगळं, मास्टरिंग वेगळं

"भाऊ, मिक्समास्टरिंगचं किती घेता?" असं कोणी एका दमात विचारलं की मी आधी उलटा प्रश्न करतो : यातलं कोणतं काम राहिलंय? पलीकडे थोडा वेळ शांतता. मग उत्तर येतं, "दोन्ही एकच ना?" एकच नाही. मिक्सिंग म्हणजे गाण्यातले सुटे आवाज एकमेकांशी जुळवणं, मास्टरिंग म्हणजे त्या तयार गाण्याची बाहेर जाणारी शेवटची प्रत बनवणं. आणि एकच समजल्यामुळे मेहनती पोरांचे चांगले अल्बम बिघडताना मी पाहिलेत. म्हणून हे एकदा सविस्तर लिहून ठेवतो.

मिक्सिंग तुम्हाला माहीत आहे, त्यावर फार वेळ घालवत नाही. पूर्व विदर्भातल्या वडसा-ब्रह्मपुरीच्या पट्ट्यात दिवाळीनंतर मंडई, म्हणजे गावजत्रा, सुरू झाली की गावोगावी रात्रभर नाटकं चालतात. तिथे मंडपात मिक्सरपाशी बसलेला माणूस गाणं आलं की गाणाऱ्याचा माइक वर करतो, ऑर्गन जरा खाली घेतो, ऑक्टोपॅड अंगावर यायला लागला की त्याला दाबतो. स्टुडिओतलं मिक्सिंग म्हणजे हेच काम, फक्त निवांत बसून, पुन्हा पुन्हा ऐकत केलेलं. पॉप-रॉकच्या साध्या गाण्यातसुद्धा ड्रमचेच सात-आठ माइक असतात. त्यात बास, दोन गिटारी, कीबोर्ड, मुख्य आवाज आणि कोरस धरला की तीस ट्रॅक, म्हणजे तीस सुटी रेकॉर्डिंग, सहज होतात. कोण किती मोठं, कोण डावीकडे, कोण उजवीकडे, आवाजाला घुमारा किती द्यायचा, पावसाळ्यात रेकॉर्ड केलेल्या ओळीमागचे रातकिडे कुठे कापायचे, हे सगळं मिक्सिंगमध्ये ठरतं. (डीजेवाले दोन गाणी जोडतात त्यालाही आपल्याकडे मिक्सिंगच म्हणतात. त्याचा इथे संबंध नाही.) शेवटी सगळ्या ट्रॅकची मिळून एक स्टिरिओ फाइल निघते : डावी धार आणि उजवी धार.

मास्टरिंग करणाऱ्याच्या हातात फक्त ती एक फाइल येते. त्याच्यासमोर गाणाऱ्याचा फेडर (आवाज कमी-जास्त करायची सरकपट्टी) नसतो, गिटारचा नसतो, ड्रमचाही नसतो. लोक अडकतात ते नेमके इथेच, म्हणून इथे मी जरा थांबणार आहे.

माझ्या ओळखीच्या चार पोट्ट्यांचा एक बँड आहे. पहिला अल्बम त्यांनी सुटी-सुटी गाणी जमवून काढला होता. दुसऱ्यावर दोन वर्षं घातली, नऊ गाणी केली आणि फाइली माझ्याकडे घेऊन आले. तिसरं गाणं सगळ्यात चांगलं होतं, पण कडव्यात आवाज गिटारींखाली गाडला गेला होता. शब्द कळत नव्हते. मी ते दाखवल्यावर गाणारा म्हणाला, "हो ना, मास्टरिंगमंदी आवाज वर काढून देजा, भाऊ."

आता हे का होत नाही ते बघा. माणसाच्या आवाजातले शब्द स्पष्ट होतात ते साधारण दोन ते चार किलोहर्ट्झच्या पट्ट्यात. पण कुरकुरणारी इलेक्ट्रिक गिटार त्याच पट्ट्यात बसते आणि स्नेअर ड्रमचा फटकाही तिथेच असतो. मास्टरिंगमध्ये मी तीन किलोहर्ट्झला दोन डेसिबल वाढवले, तर आवाज दोन डेसिबल वाढतो, गिटारही दोन डेसिबल वाढते आणि स्नेअरही. भांडण होतं तिथेच राहतं, वर गाणं कानाला टोचायला लागतं. दुसरा उपाय लोक सुचवतात तो मधला भाग उचलण्याचा, कारण गाणाऱ्याचा आवाज बहुधा बरोबर मध्ये ठेवलेला असतो. खरं आहे, पण किक (पायाने वाजणारा मोठा ड्रम), स्नेअर आणि बासही मध्येच असतात. मध्य उचलला की तेही उचलले जातात, बाजूच्या गिटारी मागे पडतात आणि रुंद, मोकळं गाणं अरुंद होऊन जातं.

मिक्सिंगच्या सेशनमध्ये, म्हणजे सगळे सुटे ट्रॅक जिथे असतात तिथे, हेच काम किती असतं? आवाजाचा फेडर दीड डेसिबल वर, आणि गिटारीला त्या पट्ट्यात थोडी जागा सोडायला लावायची. मी पोट्ट्यांना लॅपटॉप घेऊन परत पाठवलं. त्याच संध्याकाळी नवी फाइल आली आणि पहिल्यांदा त्या गाण्याचे शब्द माझ्या आईला शेजारच्या खोलीत ऐकू गेले.

हल्ली तयार फाइलमधून आवाज आणि वाद्यं वेगळी काढणारी सॉफ्टवेअर आहेत, हे मला माहीत आहे. मूळ ट्रॅक हरवलेलं जुनं भजन किंवा नाटकाचं रेकॉर्डिंग वाचवायला ती फार मोलाची आहेत. पण मूळ ट्रॅक तुमच्या लॅपटॉपमध्ये शाबूत असताना ते काम करू नका. वेगळ्या काढलेल्या आवाजाच्या कडेला कायम काहीतरी पाणचट राहतं.

हा फरक स्वतःच्या कानांनी ऐकायचा असेल, तर दोन इअरफोन लावून एक प्रयोग करा. बीटल्सचे सगळे अल्बम २००९ साली रीमास्टर होऊन, म्हणजे जुन्याच मिक्सचं नवं मास्टरिंग होऊन, आले. त्यांचा १९६७ सालचा 'सार्जंट पेपर' २०१७ मध्ये पुन्हा निघाला, तो मात्र रीमिक्स होता : जाइल्स मार्टिन यांनी मूळ टेपांवरचे ट्रॅक घेऊन नवं स्टिरिओ मिक्स केलं. २००९ची आवृत्ती स्वच्छ आहे, पण जे वाद्य १९६७ साली एका कानात ठेवलं होतं ते तिथेच आहे. २०१७मध्ये ड्रम आणि बास मध्ये आलेले, भरदार झालेले ऐकू येतात. वाद्य जागचं हललं की समजायचं मिक्स बदललं. मास्टरिंग वाद्य हलवू शकत नाही.

उलटा गैरसमजही तितकाच मोठा आहे. मेटॅलिका या मेटल बँडचा 'डेथ मॅग्नेटिक' अल्बम २००८ मध्ये आला तेव्हा आवाज चिरडल्याची ओरड झाली आणि सगळं बोट मास्टरिंगकडे गेलं. मास्टरिंग करणाऱ्या टेड जेन्सन यांनी सांगितलं, की मिक्सच्या फाइली आल्या त्याच आधीपासून चेपलेल्या, म्हणजे हळू आणि जोराचा यातला फरक दाबून टाकलेल्या, होत्या. हीच गाणी 'गिटार हिरो' या खेळात आली तेव्हा बरीच मोकळी वाजत होती, कारण ती त्या चेपलेल्या फाइलींवरून घेतलेली नव्हती. पाप मिक्समधलं, शिव्या मास्टरिंगला.

मग मास्टरिंग करतं काय? नाव आलं तबकडीवरून. टेपवरचं गाणं लॅकरचा थर दिलेल्या तबकडीवर कोरायचं, तिच्यापासून साचे बनवायचे आणि साच्यांवरून रेकॉर्डी छापायच्या. बास फार पसरलेला असला किंवा 'स' फार धारदार असला तर सुई अडखळायची, आणि एका बाजूवर बावीस-पंचवीस मिनिटांपेक्षा जास्त भरायला गेलं की आवाज बारीक करावा लागायचा. हे सगळं सांभाळून शेवटची प्रत बनवणारा माणूस वेगळा असायचा. आज तबकडीच्या जागी स्ट्रीमिंग आहे, पण कामाचा गाभा तोच : गाणं खोलीतून बाहेर जाताना कुठेही वाजलं तरी टिकलं पाहिजे. मी फाइल नेहमी तीन ठिकाणी ऐकतो : चांगल्या स्पीकरवर, साध्या फोनवर आणि ट्रॅक्टरच्या डेकवर. ट्रॅक्टरवर किक नुसती फडफडली तर काम झालेलं नाही.

दुसऱ्या अल्बमला मास्टरिंग जास्त लागतं, असं माझं ठाम मत आहे. त्या बँडची दोन गाणी नागपूरच्या स्टुडिओतली, चार गावात टिनाच्या छपराखाली भिंतींना गोधड्या बांधून केलेली आणि तीन होस्टेलच्या खोलीतली. एकेक ऐकलं तर सगळी ठीक. पाठोपाठ लावली की नागपूरची गाणी चकचकीत, गावातली मऊ, होस्टेलमधली डबक्यातून आल्यासारखी. नऊ गाणी एका घरातली वाटली पाहिजेत; रंग जुळवणं, दोन गाण्यांमध्ये किती श्वास सोडायचा, जोराच्या गाण्यानंतर हळू गाणं किती हळू ठेवायचं, हे मास्टरिंगचं खरं काम. हळू गाणंही जोराच्या गाण्याइतकंच मोठं करून देणारी ऑनलाइन मशीन मला म्हणूनच पसंत नाहीत. "हे गाणं मिक्सकडे परत न्या," असंही मशीन कधी सांगत नाही. त्या नऊ गाण्यांपैकी चार मी परत पाठवली होती.

"आवाज मोठा करून द्या" ही मागणी आता सोडून द्यायला हवी. स्पॉटिफाय आणि यूट्यूब गाण्यांची पातळी साधारण उणे १४ एलयूएफएसच्या (गाणं कानाला किती मोठं लागतं याचं माप; आकडा शून्याच्या जितका जवळ तितकं मोठं) आसपास आणतात, ॲपल म्युझिक उणे १६च्या. तुम्ही ड्रम चेपून चेपून गाणं उणे ८ला नेलंत, तर यूट्यूब ते सहा डेसिबल खाली ओढतं. मोठेपणा गेला, चेपलेपण राहिलं. शेजारी उणे १२चं मोकळं गाणं लागलं, तर ते फक्त दोनच डेसिबल खाली येतं आणि त्याचा स्नेअर तुमच्यापेक्षा जास्त जोरात बसतो. पेनड्राइव्हवरून डीजेच्या पेटीवर वाजणाऱ्या गाण्याला असं कोणी खाली ओढत नाही, हे खरं. पण त्या पेटीला आवाजाचं बटण असतं. शिखरं, म्हणजे सगळ्यात जोराचे क्षण, मात्र उणे १ डेसिबलच्या वर जाऊ देऊ नका. एमपी३सारख्या फाइलीत रूपांतर होताना ती वाढतात आणि आवाज फाटतो.

मिक्स आणि मास्टरिंग एकाच माणसाने करू नये, असं मला वाटतं. निर्वाणा या रॉक बँडच्या १९९१ सालच्या दुसऱ्या अल्बमवर, 'नेव्हरमाइंड'वर, तीन नावं आहेत : निर्मिती बुच विग, मिक्स अँडी वॉलेस, मास्टरिंग हाउई वाइनबर्ग. तीन जोड्या कान. पैसे नसतील तर मीही दोन्ही कामं करून देतो, पण मध्ये आठ दिवस ते गाणं ऐकत नाही. दोन्ही कामांच्या पैशात आणि वेळात फरक मोठा आहे : मिक्सिंगला एका गाण्याला दोन-तीन दिवस, मास्टरिंगला अख्ख्या अल्बमला एक-दोन दिवस, आणि दर त्याच हिशेबात.

फाइल पाठवताना एवढं करा. २४ बिट वेव्ह (WAV) फाइल, ज्या सॅम्पल रेटवर रेकॉर्ड केलं त्याच रेटवर. मास्टर चॅनेलवरचा लिमिटर (शिखरं दाबणारं साधन) काढून टाका. सुरुवातीला थोडी रिकामी जागा आणि शेवटचा घुमारा पूर्ण विझेपर्यंत फाइल चालू ठेवा. गाणाऱ्याच्या आवाजाबद्दल शंका असेल तर प्रत्येक गाण्याच्या तीन फाइली काढा : एक जशी आहे तशी, एक आवाज अर्धा डेसिबल वर, एक अर्धा डेसिबल खाली. ही जुनी, कामाची पद्धत आहे आणि निम्मी भांडणं तिथेच मिटतात. एमपी३ पाठवू नका. व्हॉट्सॲपवर ऑडिओ म्हणून तर मुळीच नाही.

रिलीजचं थोडक्यात : जगभर नवे अल्बम २०१५पासून शुक्रवारी येतात. स्पॉटिफायच्या प्लेलिस्टसाठी गाणं सुचवायचं तर किमान सात दिवस आधी, म्हणजे डिस्ट्रिब्युटरकडे (गाणी ॲपवर पोचवणाऱ्या कंपनीकडे) फाइली त्याच्याही आधी हव्यात. प्रत्येक गाण्याला बारा अक्षर-अंकी आयएसआरसी (रेकॉर्डिंगचा ओळख-क्रमांक) लागतो, तो डिस्ट्रिब्युटर देतो. मास्टरिंग संपायच्या आधी तारीख जाहीर करून पोस्टर वाटू नका. मिक्सकडे परत जायची वाट त्यामुळे बंद होते.

आणि मिक्सची सेशन जपा, दोन वेगवेगळ्या हार्ड डिस्कवर. त्या पोट्ट्यांना दुसऱ्या अल्बमच्या शेवटी पहिल्यातलं एक गाणं सुधारून टाकायचं होतं. गावातल्या लोकांचं ते आवडतं, लग्नात वाजणारं गाणं, पण बास जवळजवळ ऐकूच येत नाही. बास कोणी, कोणत्या गिटारीवर वाजवला होता हे सगळ्यांना आठवत होतं. सेशन मात्र ज्या लॅपटॉपमध्ये होती तो वर्षभरापूर्वी फॉरमॅट झाला होता. उरली होती एक स्टिरिओ फाइल. मी ती थोडी उजळ केली, शिखरं सांभाळली, बाकी नऊ गाण्यांशी पातळी जुळवली. बास होता तिथेच आहे.