टाकून द्यायला निघालेले स्फटिक

सांगलीत आयर्विन पुलाजवळ कृष्णा 40 फुटांवर गेली की इशारा पातळी, 45 वर धोका. 2019 चा महापूर ज्यांनी अंगावर घेतला, त्यांच्यातल्या काहींच्या छातीत 30 चा आकडा ऐकूनच धडधडायला लागतं. सामान माळ्यावर चढवायला लावणारी भीती कामाचीच असते. पण पाणी ओसरून महिने उलटले तरी झोप लागत नसेल, जीव घाबरा होत असेल, तर तो आजार आहे. त्यावर औषधं आहेत.

त्यातलं सर्वांत गाजलेलं औषध जवळजवळ कचऱ्यातच जाणार होतं. अमेरिकेत न्यू जर्सीतल्या रोश कंपनीत लिओ स्टर्नबाख यांनी एका जातीच्या रसायनांवर बराच काळ घालवला, हाती काही लागेना, म्हणून ते काम बाजूला पडलं. 1957 मध्ये प्रयोगशाळा आवरताना त्यांच्या सहकाऱ्याला न तपासलेले काही स्फटिक दिसले. ते फेकून न देता चाचणीला पाठवले. जनावरं शांत झाली, पण शुद्धीत राहिली! 1960 मध्ये त्याचं लिब्रियम नावाचं औषध झालं, 1963 मध्ये त्याचाच भाऊबंद डायझेपाम आला.

ही औषधं मेंदूत नेमकी कुठे चिकटतात, ते 1977 मध्ये सापडलं. 'गाबा' हे रसायन चेतापेशीवरचं एक दार उघडतं, क्लोराइड आत शिरतं आणि पेशीची धावपळ मंदावते. डायझेपाम ते दार स्वतः उघडत नाही. गाबा असेल तेव्हा ते जास्त वेळा उघडायला लावतं.

आराम तासाभरात पडतो, आणि धोकाही तिथेच आहे. रोज घेतलं तर काही आठवड्यांत मेंदूला त्याची सवय लागते. मग एकदम सोडलं तर घबराट दुपटीनं उसळते, झटकेही येऊ शकतात. मिरजेच्या मेडिकलमध्ये "दादा, मागच्याच चिठ्ठीवर द्या की" म्हटल्यावर दुकानदार याच जातीचं अल्प्राझोलाम देत नाही, ते उगाच नाही. हे औषध एच-1 यादीत, म्हणजे डॉक्टरच्या चिठ्ठीशिवाय विकता न येणाऱ्या औषधांच्या सरकारी यादीत आहे. डॉक्टरचं आणि रुग्णाचं नाव वेगळ्या रजिस्टरात लिहावं लागतं, ते तीन वर्षं जपावं लागतं.

जास्त काळ चालणाऱ्या उपचाराला आता बहुधा एस्सिटालोप्राम, सर्ट्रालिन अशा वेगळ्या जातीच्या गोळ्या देतात. त्यांचा गुण यायला दोन ते सहा आठवडे लागतात. सुरुवातीच्या दिवसांत मळमळतं, बेचैनी उलट वाढल्यासारखी वाटते, आणि नेमकी तेव्हाच माणसं गोळी सोडतात. मला सगळ्यात जास्त हळहळ याचीच वाटते. अशा वेळी डॉक्टरांना फोन करावा. ते डोस कमी करून हळूहळू वाढवतात.