एकपात्री आणि स्टँडअप: बोलतंय कोण?

मराठवाड्यातल्या कुठल्याही कॉलेजच्या स्नेहसंमेलनाला जाऊन बसा. निवेदिका जाहीर करते, ‘आता येतोय आपला लाडका स्टँडअप कॉमेडियन,’ आणि पोरगं माइक धरून आधी सरपंच होतं, मग तलाठी होतं, मग डोक्यावर पदर ओढल्यासारखं करून सरपंचाची बायको होतं. शिट्ट्या पडतात. पोरगं गुणी असतं, फक्त त्यानं केलं ते स्टँडअप नसतं, एकपात्री असतं. उलटंही घडतं. एखादा कॉमेडियन तासभर स्वतःच्या घरावर, लग्न जमत नाही त्यावर, सरकारवर बोलतो आणि बाहेर पडताना कुणीतरी काका म्हणतात, ‘एकपात्री चांगलं करतो पोरगा.’

गल्लत होणं साहजिक आहे. दोन्हीकडं माणूस एकटा, नेपथ्याच्या नावानं फार तर एक खुर्ची, आणि समोर हसायला आलेली माणसं. नुसती करमणूक असेल तर नाव काहीही द्या, काही बिघडत नाही. विषय राजकारणाचा निघाला की मात्र फरक एकदम पोलीस ठाण्यापर्यंत जातो. कारण प्रश्न एकच असतो: हे वाक्य कुणाचं? एकपात्रीत वाक्य पात्राचं असतं. स्टँडअपमध्ये ते उभ्या माणसाचं असतं. त्यानं तिखटमीठ लावलेलं असेल, निम्मं बनवलेलंही असेल, पण ‘मी’ म्हणून बोलला की त्याचा धनी तोच.

एकपात्रीचं आमच्याकडचं मोठं नाव म्हणजे लक्ष्मण देशपांडे. छत्रपती संभाजीनगरच्या, तेव्हाच्या औरंगाबादच्या, विद्यापीठात ते नाट्यशास्त्राचे विभागप्रमुख होते. ‘वऱ्हाड निघालंय लंडनला’मध्ये ते एकटे ५२ पात्रं उभी करायचे आणि त्याची गिनेस बुकात नोंद झाली. २००९ साली ते गेले. पुढं संदीप पाठक यांनी तो प्रयोग चालवला. मराठवाड्याची बोली लंडनच्या विमानात चढवणारा हा माणूस, पण सगळा प्रयोग पाहून झाला तरी देशपांडे सरांचं स्वतःचं राजकीय मत काय, हे सांगता येत नाही. बाई बोलते, म्हातारा बोलतो, गावातला आगाऊ गडी बोलतो. सर गप्प असतात. ही त्या प्रकाराची ताकदच आहे. खुद्द त्यांचा आवाज मध्ये घुसला असता तर ५२ पात्रांचा डोलारा कोसळला असता.

सोंग घेऊन बोलायची ही रीत आपल्याकडं पैठणइतकी जुनी आहे. संत एकनाथांनी (१५३३–१५९९) भारुडांत वासुदेव, जोशी, गोंधळी अशी किती सोंगं घेतली. ‘रोडगा वाहीन तुला’मधली सून भवानीआईला नवस बोलते आणि सासरच्या एकेकाला उचल म्हणते. गावात भारूड होतं तेव्हा मिशीवाला गडी लुगडं नेसून हे गातो आणि बाया पदरात तोंड खुपसून हसतात. नाथांनी सासूचं मरण चिंतलं, असं कुणी म्हणत नाही. बोलणारी सून आहे. पण शेवटच्या कडव्यात ‘एका जनार्दनी’ येतं, आणि सासू, सासरा, नणंद हे संसाराचे पाश होते हे उलगडतं. खेळभर सुनेचं तोंड, अखेरीला कवीची सही. स्टँडअपवाला ती सही पहिल्याच वाक्याला करून मोकळा होतो.

एकच प्रसंग दोन्हीकडं टाकून बघू. एप्रिल २०१६, लातूर. शहराला प्यायला पाणी नाही, म्हणून मिरजेहून रेल्वेनं पाणी आलं. पहिल्या खेपेला १० वाघिणी, ५ लाख लिटर.

एकपात्रीवाला फलाट उभा करेल. घागर घेतलेली म्हातारी, हार घेऊन थांबलेला पुढारी, घामाघूम हवालदार. म्हातारी विचारते, ‘बाबा, ही गाडी इथंच थांबती का पुढं हैदराबादला जाती?’ हवालदार म्हणतो, ‘मावशी, मागं सरा. आधी साहेबाचा फोटो, मग पाणी.’ म्हातारी म्हणते, ‘मग साहेबाला म्हणावं लवकर हस बाबा, लेकरं तहानलीत.’ हशा म्हातारीच्या तोंडून आला. नटानं साहेबाला काहीच म्हटलं नाही.

स्टँडअपवाला म्हणेल: ‘मी लातूरचा. आमच्याकडं पाणी रेल्वेनं आलंय. आणि कन्फर्म आलं बरं का! मी पुण्याला जायचं म्हटलं की मला अजून वेटिंग. टँकर आला की टँकरवर नगरसेवकाचा फोटो. बोअर घेतला की बोअरवर आमदाराचा. मला खात्री आहे, ढगावर फोटो चिकटत नाही म्हणूनच हे लोक पावसाच्या मागं लागत नाहीत.’ इथं म्हातारी नाही, हवालदार नाही. आमदाराचा कार्यकर्ता दुसऱ्या दिवशी कुणाच्या घरी जाणार, हे सांगायला नको.

कसबही वेगवेगळं लागतं. एकपात्रीत नजरेवर सगळं असतं. सरपंच बोलताना उजवीकडं वर पाहिलं तर तलाठ्यानं डावीकडं खाली पाहायचं, एकदा ठरलं की शेवटपर्यंत तसंच. नाहीतर प्रेक्षकाला कोण कुणाशी बोलतंय तेच कळत नाही. कॉलेजची पोरं आवाज झकास बदलतात आणि नजर विसरतात. स्टँडअपमध्ये बघायचं ते थेट समोरच्या माणसाकडं. कुणाचा फोन वाजला तर एकपात्रीवाला न ऐकल्यासारखं करतो. स्टँडअपवाल्याला तो आयता माल, त्यातून क्राउडवर्क, म्हणजे प्रेक्षकांशीच थेट गप्पा, सुरू. एकपात्रीची संहिता पाठ असते. महाराष्ट्रात नाटक म्हणून प्रयोग लावायचा तर ती आधी रंगभूमी प्रयोग परिनिरीक्षण मंडळाकडं जाते. स्टँडअपचा सेट, म्हणजे सादर करायचा मजकूर, ओपन माइकवर, म्हणजे कुणालाही बोलायला मिळणाऱ्या मंचावर, पाच-पाच मिनिटांनी घासून तयार होतो. आज पडलेला पंच, म्हणजे हशाचं वाक्य, उद्या काढून टाकायचा, शब्द पुढंमागं करायचे.

‘मी’ म्हणून राजकारणावर बोलणाऱ्या विनोदवीराचं आयुष्य कुठं कुठं जातं, याची सगळ्यात लांब नोंद अमेरिकेत सापडते. जॉन स्टुअर्टनं १९८७च्या सुमारास न्यूयॉर्कच्या क्लबांत स्टँडअप सुरू केलं. १९९९च्या जानेवारीत त्यानं ‘द डेली शो’ हा बातम्यांची थट्टा करणारा टीव्ही कार्यक्रम हाती घेतला आणि ऑगस्ट २०१५पर्यंत चालवला. बातम्यांचं टेबल, सूट, टाय. टेबलामागं मात्र स्टुअर्टच. त्याचे वार्ताहर तेवढे सोंगं होते, चेहरा गंभीर ठेवून मूर्ख प्रश्न विचारणारे. म्हणजे अर्ध्या तासाच्या त्या कार्यक्रमात आपले दोन्ही प्रकार शेजारी शेजारी बसले होते.

स्टुअर्ट ‘मी’ म्हणून कुठवर गेला बघा. ऑक्टोबर २००४मध्ये सीएनएनच्या ‘क्रॉसफायर’वर त्याला बोलावलं. डावा आणि उजवा समोरासमोर बसून आरडाओरडा करायचे, असला तो कार्यक्रम. आपल्याकडं रात्री नऊला काय चालतं ते आठवा. हा गमती करील अशी त्यांची अपेक्षा. यानं गमती बाजूला ठेवून, तुमच्या या प्रकारानं देशाचं नुकसान होतंय, असं तोंडावर सांगितलं. जानेवारी २००५मध्ये वाहिनीनं तो कार्यक्रम बंद करायचं ठरवलं आणि वाहिनीच्या प्रमुखांनी स्टुअर्टच्या म्हणण्याशी आपण सहमत असल्याचं सांगितलं. पुढं जून २०१९मध्ये ९/११च्या बचावकार्यात आजारी पडलेल्या लोकांच्या मदतनिधीसाठी तो संसदेच्या समितीपुढं बोलला. समितीच्या कितीतरी खुर्च्या रिकाम्या होत्या आणि तो त्यावरच भडकला. कायदा पुढच्याच महिन्यात झाला. सोंगाच्या तोंडून आला असता तर हा संताप त्याचा स्वतःचा वाटला नसता.

त्याच कार्यक्रमातून निघालेला स्टीव्हन कोल्बेर उलट्या वाटेनं गेला. ऑक्टोबर २००५ ते डिसेंबर २०१४ त्यानं ‘द कोल्बेर रिपोर्ट’मध्ये एक फुशारक्या मारणारा उजवा वाहिनीवाला रंगवला, आणि त्या पात्राचं नावही स्टीव्हन कोल्बेरच ठेवलं. एप्रिल २००६मध्ये व्हाइट हाऊसच्या वार्ताहरांच्या वार्षिक भोजनात, राष्ट्राध्यक्ष बुश चार हातांवर बसलेले असताना, त्यानं त्या पात्राच्या तोंडून त्यांची ‘स्तुती’ केली. सोंग होतं म्हणून ते बोलता आलं. पण सोंगाची एक अडचण ओहायो स्टेट विद्यापीठाच्या संशोधकांनी २००९मध्ये दाखवली: उदारमतवादी आणि पुराणमतवादी, दोघांनाही कोल्बेर विनोदी वाटत होता, पण पुराणमतवादी प्रेक्षकांचा कल असा, की हा थट्टेचं नाटक करतोय, मनातून आपलंच म्हणतोय. भारुडाच्या शेवटी सही लागते ती यासाठी.

सोंग ओळखायचंच नाही असं समोरच्यानं ठरवलं तर काय होतं, ते त्याच वर्षी तेहरानमध्ये दिसलं. ‘द डेली शो’चा वार्ताहर जेसन जोन्स इराणच्या निवडणुकीवेळी तिथं गेला आणि गुप्तहेराच्या थाटात त्यानं पत्रकार मझियार बहारी यांची मुलाखत घेतली. उघड उघड थट्टा होती. काही दिवसांतच बहारींना अटक झाली आणि ते ११८ दिवस एविन तुरुंगात होते. चौकशी करणाऱ्यानं तीच चित्रफीत पुढं ठेवून, हेराशी बोलत होतास की नाही, असं विचारलं. स्टुअर्टनं २०१३चा उन्हाळा सुटी घेऊन (खुर्ची तेव्हा जॉन ऑलिव्हरनं सांभाळली) यावरच ‘रोझवॉटर’ हा आपला पहिला चित्रपट लिहिला आणि दिग्दर्शित केला. तो २०१४मध्ये आला. दुसरा, ‘इररेझिस्टिबल’, २०२०चा: छोट्या गावाच्या महापौराची निवडणूक आणि राजधानीतून आलेले हुशार सल्लागार. आमच्याकडच्या कुठल्याही नगरपंचायतीत तो सबटायटलशिवाय कळेल.

आपल्याकडं बघायचं तर पु. ल. देशपांडे यांनी दोन्ही केलं. ‘बटाट्याची चाळ’ त्यांनी एकट्यानं उभी केली, आणि चाळकऱ्यांच्या तोंडून त्यांनी कुणाची टोपी उडवायची ठेवली नाही. लोक हसून घरी गेले. तेच पु. ल. १९७७ साली आणीबाणीविरुद्ध जनता पक्षाच्या प्रचारात स्वतः सभा घेत फिरले, आणि १९९६मध्ये ‘महाराष्ट्र भूषण’ मिळाल्यावर सरकारच्या कारभारावर बोलले, तेव्हा त्यांच्यावर टीकेची झोड उठली. माणूस तोच, विनोदही तोच, फक्त मध्ये चाळ नव्हती.

आताचं उदाहरण स्टँडअप कॉमेडियन कुणाल कामराचं. त्याचा ‘शट अप या कुणाल’ हा पॉडकास्ट २०१७मध्ये सुरू झाला. मार्च २०२५मध्ये त्याच्या एका गाण्यात एकनाथ शिंदे यांचं नाव नव्हतं, पण रोख सगळ्यांना कळला. मुंबईत खारच्या ज्या ठिकाणी चित्रीकरण झालं होतं तिथं शिवसैनिकांनी तोडफोड केली आणि कामरावर गुन्हा दाखल झाला. विनोद आवडला की नाही हा वेगळा वाद. मला तो फार बारीक वाटला नाही. पण नाव न घेणं ही स्टँडअपमध्ये ढाल होत नाही. दुसरा स्टँडअपवाला मुनव्वर फारुकी, त्याचं तर पुढचं टोक. १ जानेवारी २०२१ला इंदूरमध्ये त्याला अटक झाली तेव्हा ज्या विनोदांवरून गदारोळ झाला ते त्या रात्री त्यानं केलेच नव्हते. सर्वोच्च न्यायालयाचा जामीन मिळायला ५ फेब्रुवारी उजाडली. एकपात्रीत वाक्य आधी ऐकावं लागतं, मग ते कुणाच्या तोंडचं ते बघावं लागतं. इथं वाक्याचीही गरज पडली नाही, माणूस पुरला.

पॉडकास्ट हा यातला तिसरा भिडू. स्टुअर्ट २०२४मध्ये सोमवारपुरता ‘द डेली शो’वर परतला, पण तासतासभर मुद्दा धरून बोलतो तो पॉडकास्टवर. तिथं पंच नाही आला तरी चालतो. विनोदवीर पॉडकास्ट करायला लागला की प्रेक्षकाला त्याचं मत कोरडं, हशाशिवाय ऐकू येतं, आणि पुढच्या वेळी तो स्टेजवर सोंग घेऊ म्हणाला तरी ते नीट बसत नाही. मराठीत एकपात्री करणारी जी मंडळी आता पॉडकास्टकडं वळतायत, त्यांनी हे आधीच गृहीत धरलेलं बरं.

खरी गोची रीलनं केली आहे. वीस मिनिटांच्या एकपात्रीतून कुणीतरी तीस सेकंद कापतो. सरपंचाचं वाक्य राहतं, सरपंच जातो. पाहणाऱ्याला दिसतो तो परभणीचा किंवा धाराशिवचा एक पोरगा, अमुक समाजाबद्दल वाटेल ते बोलणारा. खाली शिव्यांचा पाऊस. म्हणून सरपंच करणाऱ्या पोरांना मी दोन गोष्टी सांगतो. क्लिप स्वतः कापा, आणि पडद्यावर ठसठशीत अक्षरात पात्राचं नाव टाका. आणि कापताना समोरच्या पात्राचं उत्तर ठेवा, तलाठ्याचं एक वाक्य का होईना. कुणीतरी उत्तर देतंय हे दिसलं, की पहिला बोलला तो सरपंच होता हे बहुतेकांना कळतं.