पार्श्वभूमी : अलिबागचे जनरल वैद्य आणि कोकणातली फौजेची वाट

जनरल अरुणकुमार श्रीधर वैद्य यांचं नाव निघालं की बहुतेकांना दोनच गोष्टी आठवतात. एक, जून १९८४ मधली अमृतसरची लष्करी कारवाई. दुसरी, ऑगस्ट १९८६ मध्ये पुण्यात भर रस्त्यात झालेली त्यांची हत्या. या दोन घटनांखाली त्यांची एकेचाळीस वर्षांची नोकरी झाकली गेली आहे. रणगाड्यांच्या दोन मोठ्या लढायांत दोन वेळा महावीर चक्र मिळवणारा आणि पुढे देशाचा लष्करप्रमुख झालेला हा माणूस अलिबागचा, हे रायगड जिल्ह्यातल्याही कितीतरी लोकांना सांगावं लागतं. मला याची खंत वाटते, आणि ती फक्त एका माणसाच्या विस्मरणाची नाही. वैद्य अधिकारी झाले त्याच्या आधी कोकणानं सव्वाशे वर्षं फौजेला माणसं पुरवली होती. त्या माणसांना मात्र अधिकारी होण्याची मुभा नव्हती. ही मागची गोष्ट कळली की वैद्यांचं मोठेपण जास्त नीट कळतं.

अलिबाग म्हटलं की डोळ्यांपुढे समुद्र येतो. कुलाबा किल्ला, कान्होजी आंग्र्यांची समाधी, मराठ्यांचं आरमार. पराक्रम म्हणजे गलबतावरचा, असंच किनाऱ्यावरच्या माणसाच्या मनात असतं आणि त्याचा अभिमान रास्तही आहे. पण १८१८ नंतर कोकणातल्या हजारो घरांची चूल पेटली ती पायदळाच्या पगारावर आणि पेन्शनीवर. कंपनी सरकारच्या मुंबई फौजेची भरती एकोणिसाव्या शतकाच्या पूर्वार्धात फार मोठ्या प्रमाणावर कोकणातून होत असे. कुलाबा (म्हणजे आजचा रायगड) आणि रत्नागिरी जिल्ह्यांतले मराठे होते, महार होते. दापोलीला इंग्रजांनी छावणी वसवली, आणि छावणी हलल्यावरही पेन्शनर शिपाई तिथेच घरं करून राहिले. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांचे वडील रामजी सकपाळ यांचं मूळ गाव मंडणगड तालुक्यातलं आंबडवे. ते फौजेत सुभेदार झाले, महूला लष्करी शाळेत शिकवत होते आणि पेन्शनीत निघाल्यावर कुटुंब घेऊन दापोलीलाच आले. फौजेतल्या शाळेनं त्या काळात जे शिक्षण दिलं, ते गावात त्यांना कुणी दिलं नसतं.

मग हा दरवाजाच बंद झाला. १८८५ ते १८९३ या काळात लॉर्ड रॉबर्ट्स हिंदुस्थानचे सरसेनापती होते. काही जाती-जमाती जन्मानंच लढवय्या आणि बाकीच्या नाहीत, ही समजूत त्यांच्या कारकिर्दीत भरतीचं धोरण बनली. पंजाबी आणि गुरखे यांची भरती वाढत गेली. महारांची भरती थांबली. ज्यांच्या आज्यापणज्यांनी कंपनीच्या प्रत्येक लढाईत रक्त सांडलं होतं, त्यांना आता शिपाई व्हायलाही लायक धरलं जाईना. महाडजवळच्या रावढळचे गोपाळबाबा वलंगकर स्वतः फौजेतून १८८६ साली निवृत्त झाले होते. १८९४ मध्ये त्यांनी सरसेनापतीच्या नावे विनंतीपत्र तयार केलं आणि आमच्या लोकांना पुन्हा भरती करा, अशी मागणी मांडली. कोकणातल्या सामाजिक चळवळीचा इतिहास सांगताना या अर्जाचा उल्लेख येतोच. लष्करी इतिहासातही त्याला तेवढीच जागा हवी. नोकरी परत मागण्याच्या निमित्तानं त्यात आपण कोण आहोत हेच मांडलेलं आहे.

ज्यांची भरती चालू राहिली त्यांच्याही डोक्यावर एक छत होतंच. हिंदी माणूस जास्तीत जास्त सुभेदार-मेजर होऊ शकत असे. तीस वर्षं नोकरी केलेल्या, छातीवर पदकं असलेल्या सुभेदारानं काल विलायतेहून आलेल्या बावीस वर्षांच्या लेफ्टनंटला सलाम करायचा आणि त्याचा हुकूम पाळायचा. पहिल्या महायुद्धात पुन्हा माणसांची गरज पडली. १९१७ मध्ये महारांची १११ वी पलटण उभी राहिली आणि युद्ध संपल्यावर, १९२१ मध्ये, मोडण्यातही आली. ‘या गावातून इतके लोक महायुद्धावर गेले, त्यांपैकी इतके कामी आले’ अशा अर्थाच्या संगमरवरी पाट्या त्या काळात गावोगाव बसवल्या गेल्या. महाड तालुक्यातल्या एका गावाचं तर नावच फौजी आंबवडे आहे. तिथे पिढ्यान् पिढ्या घराघरातून माणूस फौजेत जातो.

या शिपायांची लढाई कशी असे, त्याचं एकच उदाहरण देतो. माणगाव तालुक्यातल्या पळसगावचे नाईक यशवंत घाडगे पाचव्या मराठा लाइट इन्फंट्रीत होते. १० जुलै १९४४, इटली, तिबर नदीचं वरचं खोरं. त्यांची तुकडी अगदी जवळून मशीनगनच्या माऱ्यात सापडली आणि घाडगे सोडून सगळे मारले गेले किंवा जखमी झाले. घाडगे एकटेच त्या मोर्चावर धावून गेले. हातबॉम्ब टाकून तोफची आणि मशीनगन दोन्ही गप्प केली, टॉमीगननं आणखी एकाला पाडलं. गोळ्या संपल्या, दुसरं मॅगझिन भरायला वेळ नव्हता. तेव्हा त्यांनी बंदूक उलटी धरली आणि तिच्या दांड्यानं उरलेल्या दोघांना लोळवलं. लगेचच लपलेल्या नेमबाजांच्या गोळ्यांनी ते पडले. वय बावीस. त्यांना मरणोत्तर व्हिक्टोरिया क्रॉस मिळाला आणि माणगावला त्यांचा पुतळा आहे. रायगड जिल्ह्यात लहानपण गेलेल्या प्रत्येकाला ही हकीकत तोंडपाठ असायला हवी, असं माझं मत आहे.

घाडगे पडले त्या काळातच अलिबागचा दुसरा एक तरुण अधिकारी व्हायच्या वाटेवर होता. अरुणकुमार वैद्य यांचा जन्म २७ जानेवारी १९२६ चा. हे साल महत्त्वाचं आहे. हिंदी तरुणांना इंग्लंडमधल्या सँडहर्स्टला प्रवेश मिळू लागला १९१८ पासून, आणि तोही वर्षाला जेमतेम दहा जागांवर. देहरादूनची लष्करी अकादमी निघाली १९३२ मध्ये. तिथे जाणारी मुलंही बहुतेक संस्थानिकांच्या, जमीनदारांच्या किंवा जुन्या लष्करी घराण्यांतली. कोकणातल्या सुशिक्षित घरातला मुलगा वकील होई, मामलेदार होई, मास्तर होई. दुसऱ्या महायुद्धानं हे बदललं. दोन लाखांची हिंदी फौज पंचवीस लाखांच्या वर गेली, त्यांना अधिकारी कुठून आणायचे हा प्रश्न पडला आणि कॉलेजातल्या मुलांसाठी दारं उघडली. वैद्य पंधरा वर्षं आधी जन्मले असते तर बहुधा सरकारी कचेरीत गेले असते. जानेवारी १९४५ मध्ये, एकोणीस पुरे व्हायच्या आत, त्यांना कमिशन, म्हणजे अधिकाऱ्याचं पद, मिळालं.

इथे एक गोष्ट स्पष्ट बोलली पाहिजे. महाड-मंडणगडच्या शिपायाची वाट आणि अलिबागच्या शिकलेल्या घराची वाट एक नव्हती. घाडगे आणि वैद्य एकाच जिल्ह्याचे, वयात चारपाच वर्षांचं अंतर. एक नाईक झाला, दुसरा अधिकारी. हा फरक धैर्याचा नव्हता, शाळेचा होता.

वैद्यांना मिळाली डेक्कन हॉर्स ही रेजिमेंट. मूळची निजामाच्या मुलखातली घोडदळ पलटण. जुलै १९१६ मध्ये सोमच्या लढाईत तिच्या स्वारांनी भाले सरसावून घोडे घातले होते. वैद्य आले तेव्हा घोडे जाऊन शेरमन रणगाडे आले होते आणि रेजिमेंट ब्रह्मदेशातल्या मोहिमेवर होती. वीस वर्षांनी, १९६५ मध्ये, ते याच रेजिमेंटचे कमांडिंग ऑफिसर होते, आणि रणगाडे होते तेच शेरमन.

१९६५ च्या भारत-पाकिस्तान युद्धातली, पंजाबातल्या असल उत्तरची लढाई समजून घ्यायची तर या शेरमनपासून सुरुवात करावी लागते. समोर पाकिस्तानची पहिली चिलखती डिव्हिजन होती आणि तिच्याकडे अमेरिकेचे पॅटन रणगाडे. पॅटनची तोफ ९० मिलिमीटरची, शेरमनची ७६ ची. लांबून मारलेला शेरमनचा गोळा पॅटनच्या समोरच्या पत्र्याला काही करू शकत नव्हता, पॅटनचा गोळा मात्र शेरमनच्या आरपार जाई. समोरासमोर उभं राहून लढणं म्हणजे मरणं. त्यात आपल्या चौथ्या माउंटन डिव्हिजनचा इछोगिल कालव्याकडचा पहिला हल्ला फसला होता आणि खेमकरण सोडून मागे यावं लागलं होतं. डिव्हिजनचे प्रमुख मेजर जनरल गुरबक्ष सिंग यांनी असल उत्तर गावाभोवती घोड्याच्या नालेच्या आकाराची बचावाची फळी आखली. शेतांत पाणी सोडलं. सप्टेंबर महिना, ऊस माणसापेक्षा उंच वाढलेला. रणगाडे त्या उसात लपवले.

८ सप्टेंबरला पॅटन आले. आपल्या रणगाड्यांनी थांबायचं, पॅटनला आत येऊ द्यायचं, तो चिखलात मंदावला किंवा वळायला लागला की त्याची कूस दिसते, तेव्हा जवळून गोळा घालायचा. हे लिहायला सोपं आहे. करताना मात्र गोलंदाजानं आपल्याकडे वळणाऱ्या तोफेकडे बघत हुकमाची वाट पाहायची असते. एकानं जरी घाबरून लवकर बार उडवला तर सगळ्या जागा उघड्या पडतात. ही शिस्त आदल्या रात्री भाषण करून येत नाही. कमांडिंग ऑफिसर स्वतः पुढे असेल आणि त्याचा आवाज रेडिओवर शांत असेल तरच ती टिकते. वैद्यांची ख्याती नेमकी तीच होती. लेफ्टनंट कर्नल सलीम कॅलेब यांच्या थर्ड कॅव्हलरीचे सेंच्युरियन रणगाडे सोबत होते. ग्रेनेडियर्सच्या चौथ्या बटालियनचे अब्दुल हमीद जीपवरच्या तोफेनं एकामागून एक पॅटन फोडत शहीद झाले आणि परमवीर चक्राचे मानकरी ठरले. १० सप्टेंबरला हल्ला मोडला. पाकिस्तानचे नव्वदच्या वर रणगाडे पडले किंवा चिखलात जसेच्या तसे सोडले गेले. ते भिखीविंडला ओळीनं उभे केले आणि त्या जागेला पॅटननगर म्हणू लागले. वैद्यांना महावीर चक्र मिळालं.

१९७१ मध्ये ते ब्रिगेडियर होते, १६ व्या स्वतंत्र चिलखती ब्रिगेडचे प्रमुख. पाकिस्तानातल्या शकरगढ भागात या वेळी आपण हल्ला करणारे होतो आणि आडवी होती ती सुरुंगांची पेरणी, शेकडो मीटर रुंद. चक्रा, देहलरा इथून लढत ब्रिगेड बसंतर नदीशी पोचली. १५ डिसेंबरच्या रात्री पायदळ नदीपलीकडे गेलं, इंजिनिअर पलटणीचे जवान माऱ्याखाली सुरुंग काढून वाट करत होते, आणि वाट पुरी व्हायच्या आत पलीकडून निरोप आला की शत्रूचे रणगाडे दिसत आहेत. रणगाड्यांशिवाय पायदळ सकाळपर्यंत टिकणार नव्हतं. तेव्हा पूना हॉर्सचे कमांडिंग ऑफिसर हणूत सिंग यांनी उरलेल्या सुरुंगांतून रणगाडे नेले. दुसऱ्या दिवशी, ढाक्यात शरणागतीच्या कागदावर सह्या झाल्या त्याच १६ डिसेंबरला, इथे जरपालजवळ रणगाड्यांचं तुंबळ युद्ध चालू होतं. एकवीस वर्षांचा अरुण खेत्रपाल त्यात पडला. पाकिस्तानच्या चिलखती ब्रिगेडचे प्रतिहल्ले मोडून निघाले. वैद्यांना दुसऱ्यांदा महावीर चक्र मिळालं. हा मान लाभलेले लोक देशात हाताच्या बोटांवर मोजण्याइतके आहेत.

पुढची बढती सरळ आहे. ईस्टर्न कमांडचे प्रमुख, आणि १ ऑगस्ट १९८३ पासून लष्करप्रमुख. ही नेमणूक करताना सरकारनं सेवाज्येष्ठ लेफ्टनंट जनरल एस. के. सिन्हा यांना डावललं आणि त्यांनी राजीनामा दिला. त्यावर तेव्हा वाद झाला. वैद्यांच्या लढाऊ कर्तबगारीबद्दल मात्र शंका घ्यायला जागा नव्हती. १३ एप्रिल १९८४ ला सियाचिनवर भारतीय जवान उतरले, ते त्यांच्याच कारकिर्दीत.

त्यानंतर दोन महिन्यांतच सुवर्णमंदिराची कारवाई आली. निर्णय पंतप्रधान इंदिरा गांधींच्या सरकारचा, तो पार पाडण्याची जबाबदारी लष्कराची. शीख समाजाच्या मनावर झालेली जखम खरी आहे, आणि फौजेच्या आतही ती उमटली. तेव्हाच्या बिहारमधल्या, म्हणजे आजच्या झारखंडातल्या, रामगढच्या लष्करी केंद्रातल्या शीख जवानांनी बंड केलं. असल उत्तरला शीख जवानांबरोबर लढलेल्या सेनापतीवर हा प्रसंग यावा, याहून दुःखाचं काही मला सुचत नाही. वयाची साठ वर्षं झाली म्हणून ते ३१ जानेवारी १९८६ ला निवृत्त झाले आणि पुण्यात राहू लागले. १० ऑगस्टला, पत्नीबरोबर मोटारीनं बाजारातून घरी परतताना, मोटारसायकलवरून आलेल्या मारेकऱ्यांनी सुवर्णमंदिराच्या कारवाईचा सूड म्हणून त्यांच्यावर गोळ्या झाडल्या. दोघा मारेकऱ्यांना ९ ऑक्टोबर १९९२ ला येरवड्यात फाशी झाली.

वैद्यांच्या वेळी कमिशनचं दार युद्धानं उघडलं होतं. आता त्यासाठी युद्धाची गरज नाही. खडकवासल्याची राष्ट्रीय संरक्षण प्रबोधिनी (एनडीए) १९५५ पासून आहे, साताऱ्याची सैनिक शाळा १९६१ पासून. राज्य सरकारनं १९७७ मध्ये औरंगाबादेत, म्हणजे आजच्या छत्रपती संभाजीनगरात, सैनिकी सेवापूर्व शिक्षण संस्था काढली, ती मुलांना अकरावी-बारावीबरोबर एनडीएच्या परीक्षेसाठी तयार करते. तरी कोकणात फौज म्हटली की आजही भरती मेळावा, धावणं आणि जवानाची जागा हेच आधी डोळ्यांपुढे येतं. महाड, पोलादपूर, मंडणगडच्या घरांतून ही वाट आजोबांपासून ठाऊक आहे. अधिकारी होण्याची परीक्षा कधी असते, मुलाखत किती दिवस चालते, हे सांगणारं मात्र गावात सहसा कुणी नसतं. हे काम तालुक्याच्या हायस्कुलांनी आणि माजी सैनिकांच्या संघटनांनी हाती घेण्यासारखं आहे, आणि ते दहावीच्या वर्षातच करावं लागतं, कारण संभाजीनगरच्या संस्थेचा अर्ज त्याच वर्षी भरायचा असतो.