केबल ट्रे : नागपूर परिसरातील निवड व मांडणी

वीजपुरवठ्याच्या आणि संदेशवहनाच्या केबली आधार देऊन, उघड्या हवेत, एका ठरलेल्या वाटेने नेण्यासाठी बसवलेल्या पत्र्याच्या किंवा शिडीसारख्या सांगाड्याला केबल ट्रे म्हणतात. पाइपात कोंडलेली वायर दिसत नाही. ट्रेवरची केबल दिसते, हाताला येते, आणि नवी टाकायची झाली तर भिंत फोडावी लागत नाही. बुटीबोरी, हिंगणा, कळमेश्वर इथल्या एमआयडीसीतील शेड असोत की मिहानमधली कार्यालये, पॅनेलपासून भारापर्यंत, म्हणजे वीज वापरणाऱ्या यंत्रापर्यंत, केबल नेण्याची ही नेहमीची पद्धत आहे.

नागपुरात ट्रेचा पहिला हिशेब उन्हाचा. 23 मे 2013 रोजी शहराचे तापमान 47.9 अंश सेल्सियसवर गेले होते. केबलच्या प्रवाह वाहण्याच्या क्षमतेचे भारतीय तक्ते हवा 40 अंशांची धरून बनवलेले असतात, आणि विदर्भात पारा एप्रिलमध्येच तो आकडा ओलांडतो. पत्र्याच्या छताला लागून गेलेल्या ट्रेवर नवतपाच्या, म्हणजे मेअखेरच्या कडक उन्हाच्या नऊ दिवसांतल्या, दुपारी हात टेकवला तर तो लगेच मागे घ्यावा लागतो. तिथली हवा वेधशाळेच्या आकड्यापेक्षा कितीतरी गरम असते. हवा 50 अंशांची धरली तर एक्सएलपीई केबलची क्षमता सुमारे 0.89 पट उरते आणि पीव्हीसीची 0.82 पट. ही दोन्ही तारेवरच्या प्लास्टिक आवरणांची नावे. कारण साधे आहे: एक्सएलपीईची तार 90 अंशांपर्यंत तापू शकते, पीव्हीसीची 70 पर्यंतच. म्हणून ट्रे छताला चिकटवून न नेता कैचीच्या, म्हणजे छत पेलणाऱ्या त्रिकोणी सांगाड्याच्या, खालच्या दांड्याखाली उतरवावा. त्यासाठी टांगायचे रॉड थोडे लांब लागतात, पण दरवर्षीचे तीन महिने सुसह्य होतात.

दुसरी उष्णता केबली एकमेकींना देतात. समजा साडेतीन कोर (तीन पूर्ण तारा आणि साधारण निम्म्या जाडीची न्यूट्रल), 300 चौरस मिलिमीटरच्या अॅल्युमिनियमच्या सहा केबली न्यायच्या आहेत आणि प्रत्येकीचा बाहेरचा व्यास साधारण 60 मिलिमीटर आहे. एकमेकींना खेटून ठेवल्या तर 450 मिलिमीटरच्या ट्रेत त्या आरामात मावतात. मात्र छिद्रांच्या, म्हणजे परफोरेटेड ट्रेवर अशा खेटलेल्या सहा केबलींसाठी क्षमता 0.73 पट धरावी लागते. त्याला उन्हाच्या 0.89 ने गुणले की हाती 0.65 उरते : कागदावर 100 अँपिअर, प्रत्यक्षात 65. त्याच केबली लॅडर, म्हणजे शिडीसारख्या, ट्रेवर एकेका व्यासाचे अंतर सोडून ठेवल्या तर एकमेकींपायी होणारी घट जवळजवळ उरत नाही. रुंदी तेवढी 750 मिलिमीटर लागते. ट्रेच्या रुंदीत वाचवलेला पैसा जाड केबल घेण्यात दुपटीतिपटीने जातो. अंदाजपत्रकात ट्रे आणि केबल वेगवेगळ्या पानांवर असल्याने हे नजरेतून निसटते, आणि ते वाईट आहे.

म्हणून जाड पॉवर केबलींना लॅडर, यंत्रे चालू-बंद करण्याचे आदेश नेणाऱ्या बारीक कंट्रोल केबलींना परफोरेटेड, आणि कार्यालयातल्या डेटा केबलींना तारेच्या जाळीचा ट्रे, अशी वाटणी सोयीची पडते. उघड्यावर ऊन केबलचे आवरण खाते, तेव्हा वर झाकण हवेच. पण ते ठोकळ्यांवर उचलून, बाजूने वारा खेळेल असे. कापसाच्या जिनिंगमध्ये सरकी-रुईचे तंतू ट्रेत साचून आग पकडतात. कोराडी, खापरखेड्यासारख्या औष्णिक वीज केंद्रांत कोळसा हाताळणीच्या भागात धुळीचा प्रश्न असतो. अशा ठिकाणी ट्रे आडवा न ठेवता काठावर उभा बसवतात, म्हणजे धूळ टिकत नाही.

कोरड्या शेडमध्ये आधी जस्त चढवलेल्या पत्र्याचा ट्रे पुरतो. पावसात भिजणाऱ्या, कूलिंग टॉवरजवळच्या किंवा कूलरच्या ओल्या हवेच्या तोंडाशी येणाऱ्या ट्रेला मात्र बनवून झाल्यावर जस्ताच्या रसात बुडवलेलेच हवे, नाहीतर कापलेल्या कडांपासून गंज सुरू होतो. त्या कडा धारदारही असतात; केबल ओढण्याआधी कानसेने घासल्या नाहीत तर आवरण चिरते आणि दोष महिन्यांनी उघडकीला येतो.

आधार साधारण दीड मीटरवर देतात. वर सांगितलेल्या सहा केबलींचे वजन मीटरला 30 किलोच्या घरात जाते, त्यामुळे वळणांवर आणि टी-जोडापाशी वेगळा आधार लागतोच. जानेवारीतल्या पहाटेपासून मेच्या दुपारपर्यंत पत्र्याखाली 50 अंशांचा फरक पडला तर 30 मीटरचा पोलादी ट्रे सुमारे 18 मिलिमीटर वाढतो, अॅल्युमिनियमचा 34 च्या आसपास. लांब सरळ मार्गावर सरकता जोड न ठेवल्यास ट्रे मधेच कमानीसारखा उचलला जातो.

ट्रे एकावर एक असतील तर त्या मजल्यांची उतरंड बहुधा अशी : सर्वांत वर उच्चदाब, मग कमी दाबाच्या पॉवर केबली, त्याखाली कंट्रोल, तळाला उपकरणांचे संदेश. दोन मजल्यांत 300 मिलिमीटर अंतर ठेवले तर हातही शिरतो. एकेरी कोरच्या तीन फेज केबली त्रिकोणी जुडग्यात, अॅल्युमिनियमच्या किंवा नायलॉनच्या क्लॅम्पने बांधतात. एकच फेज पोलादी प्लेटच्या भोकातून नेली तर भोकाभोवतीची प्लेट चुंबकीय क्षेत्रामुळे तिच्यात फिरणाऱ्या भोवरी प्रवाहांनी तापते, रंग करपतो. ट्रेच्या प्रत्येक जोडावर अर्थिंगची सलगता तपासावी. ट्रेचे दोन तुकडे जोडणाऱ्या, रंग लावलेल्या कपलर प्लेटवर विसंबू नये.

भविष्यासाठी ट्रेत पाव जागा मोकळी सोडतात. नागपूरच्या व्यापारी इमारतींत ती लवकर भरते, कारण उन्हाळा लागला की कूलर आणि एसीचे नवे सर्किट टाकले जाते. त्या वेळी वायरमन भिंतीतल्या किंवा शाफ्टमधल्या भोकातला आगरोधक लेप फोडून केबल सरकवतो आणि लेप पुन्हा भरायचा राहतो. एका मजल्यावरचा धूर दुसऱ्यावर याच भोकातून चढतो. लेप त्याच दिवशी भरून घ्यावा, आणि त्यावर केबलचा क्रमांक व तारीख लिहावी.